दिसली नव्हे, पाहिली

घाटाची मला किळस येते. आमच्या गल्लीत हे मोठ्यानं म्हणायची सोय नाही, म्हणून इथे म्हणते. बाहेरून आलेले लोक पहाटे बालाजी घाटावर उभे राहतात, डोळे मिटतात आणि लांब श्वास घेतात. त्यांना विचारावंसं वाटतं, बाबांनो, नाक घरी ठेवून आलात का? पूर ओसरला की पायऱ्यांवर गुडघ्याएवढी माती साचलेली असते. पंप लावून, पाण्याचे फवारे मारून ती परत नदीतच ढकलतात. त्या मातीतून काय काय निघतं ते मी पाहिलं आहे. मूर्तींचे पेंढ्याचे सांगाडे, दुधाच्या पिशव्या, कुजून काळा पडलेला झेंडू, आणि एकदा एक चप्पल, तिच्या पट्ट्यात अडकून मेलेल्या माशासकट. हा चिखल तुडवत, ओढणी नाकाला लावून, गळ्यात दुर्बीण अडकवून मी वर्षानुवर्षं तिथे गेले ती आकाशातल्या एका ठिपक्यासाठी.

तो ठिपका म्हणजे शुक्र. आमचे घाट पूर्वेकडे तोंड करून बसलेले आहेत, म्हणून इथली शुक्राची चांदणी पहाटेची. संध्याकाळची असेल तर ती घरांच्या मागे असते, तिच्यासाठी गच्चीवर चढावं लागतं. दर एकोणीस महिन्यांनी असं होतं की संध्याकाळची चांदणी सूर्याच्या उजेडात बुडते, आठ-दहा दिवस कुठेच दिसत नाही, आणि मग एका पहाटे गंगेच्या पलीकडच्या वाळूवर सूर्याच्या थोडी आधी उगवते. मधल्या दिवसांना पंचांगात शुक्राचा अस्त म्हणतात. त्या दिवसांत लग्नं लागत नाहीत. उदय कधी होणार ते पंचांगात छापलेलं असतं, हल्ली फोनवरही येतं. पण आमच्या गल्लीतली पंधरा-वीस मराठी घरं छापील उदयावर विसंबत नसत. ती विचारत, "काकांनी पाहिली का?"

काका म्हणजे माझ्या वडिलांचे धाकटे भाऊ. संस्कृत पाठशाळेत जन्मभर ज्योतिष शिकवलं, पण कधी कोणाची पत्रिका पाहिली नाही. लग्न केलं नाही. मीही केलं नाही. आईवडील गेल्यावर घाटावरच्या तीन खोल्यांत आम्ही दोघंच उरलो. मी सकाळी बँकेत जायची, संध्याकाळी लोकांच्या घामाचा वास अंगावर घेऊन परत यायची, आणि काका दारातच सांगायचे, आज गुरू कुठे आहे, मंगळ कुठे आहे. बाकी त्यांना कोणी काही विचारत नसे. पाठशाळेत नवे लोक आले होते. भाजीवालाही त्यांना हातानंच बाजूला सारायचा. एकोणीस महिन्यांतून एकदा मात्र गल्ली त्यांच्या तोंडाकडे पाहायची. त्यांचं एवढंच होतं, हा एक शब्द. बाकी काही नव्हतं.

आणि शब्द कोणता, त्यालाही नियम होता. मी दहा वर्षांची असताना त्यांनी मला पहिल्यांदा बरोबर नेलं. पलीकडच्या काठावर बारीक उजेड दिसला आणि मी ओरडले, "काका, दिसली!" त्यांनी माझं मनगट धरलं.

"दिसली म्हणू नकोस. दिसली म्हणजे जे काही केलं ते चांदणीनं केलं. पाहिली म्हण. मग चूक झाली तर चांदणीची नाही, तुझी."

मी म्हटलं, "पाहिली."

"आता नीट बघ. खरंच पाहिलीस का?"

खरंच पाहिली होती. त्यानंतर पुढची चाळीस वर्षं मी हा शब्द जपून वापरला. बँकेत सहीची पडताळणी करतानासुद्धा मी 'दिसली' म्हणत नसे. लोक हसायचे.

ज्या वर्षाची गोष्ट सांगते आहे, त्या वर्षी काका अठ्ठ्याहत्तरचे होते आणि त्यांच्या दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू होता. डॉक्टर म्हणाले होते, पिकलाय, काढून टाकू. काका ऐकेनात. ऑपरेशन केलं की डोळ्याला पाणी लावायचं नाही, म्हणजे स्नान बुडणार, आणि मुख्य म्हणजे त्याच दिवसांत उदय.

"उदय होऊ दे. मग आँख काढायची असेल तर काढा म्हणावं."

"काका, तुम्हाला समोरची वाटी दिसत नाही."

"वाटी जवळ असते. चांदणी दूर आहे. दूरचं मला साफ दिसतं, पता आहे मला."

दूरचं साफ दिसत नव्हतं. रस्त्यातल्या सांडाला ते दुकान समजले होते. पण मी गप्प बसले. आपल्याकडे म्हाताऱ्या माणसाशी गप्प बसण्याला माया म्हणतात. मला आता त्या शब्दाचीही शिसारी येते.

आमच्या घरात त्या दिवसांत महिना अश्विन चाललेला होता आणि घाटावर कार्तिक. हे बाहेरच्यांना सांगावं लागतं. आपला महिना अमावास्येला संपतो, इथल्या लोकांचा पौर्णिमेला. त्यामुळे कोजागिरी झाली की त्यांचा कार्तिक लागतो आणि आपला दिवाळीपर्यंत अश्विनच असतो. त्यांचा कार्तिक लागला की घाटावर उंच बांबू उभे राहतात आणि त्यांच्या टोकाला दोरीनं वेताच्या टोपल्या चढवतात. टोपलीत पणती. याला आकाशदीप म्हणतात, पितरांना वाट दिसावी म्हणून. संध्याकाळी ते सगळे लुकलुकतात तेव्हा माझ्यासारखीलाही बरं वाटतं. पण तेल किती पुरणार? पहाटेपर्यंत सगळ्या पणत्या विझून जातात. काका आयुष्यभर पहाटे पूर्वेला पाहत आले, त्यांना या टोपल्यांची कधी अडचण झाली नाही. पहाटे त्या नुसत्या काळ्या टोपल्या असत.

त्या वर्षी आमच्या गल्लीतल्या एका तरुण गुरुजींनी नवा बांबू उभारला. गुरुजी म्हणजे आपलाच मराठी मुलगा, तिशीचा, आजा-पणजापासून इथला. पौरोहित्य करतो, पण जास्त करून फोनवर. परदेशात बसलेल्या लोकांच्या नावानं संकल्प सोडतो, आपलंच चित्रण करतो, आणि बोलता बोलता केसांवरून हात फिरवतो. त्याच्या अंगाला अत्तराचा इतका भपकारा येतो की चिखलाचा वास त्यापुढे सोज्ज्वळ वाटतो. त्यानं आपल्या दूरदेशीच्या यजमानांच्या पितरांसाठी टोपलीत पणतीऐवजी बॅटरीचा दिवा ठेवला होता. पांढराशुभ्र. विझायचा नाही, वाऱ्यानं फडफडायचा नाही, तेल नको, वात नको. मी पहिल्यांदा पाहिला तेव्हा म्हटलं, आता पितरांनीही चष्मा लावून यावं.

पंचांगातली उदयाची तारीख आली. पहिले तीन दिवस काही दिसलं नाही. एक दिवस धुकं होतं, आणि दोन दिवस मणिकर्णिकेकडून आलेला धूर नदीवर पसरून बसला होता. त्या धुराबद्दल मी काही बोलणार नाही. माझी आई, माझे वडील त्यातूनच गेले. पण घशात तो बसतो, आणि सकाळच्या चहालाही त्याचीच चव येते.

गल्लीत कुजबूज सुरू झाली. तुळशीच्या लग्नानंतरच्या तारखा धरायच्या होत्या. कोणीतरी म्हणालं, पंचांगात तर उदय होऊन गेला, काकांच्या डोळ्यांसाठी शुक्रानं थांबायचं का? हे मी जिन्यात ऐकलं. काकांनीही ऐकलं असणार, कान शाबूत होते. त्या रात्री ते जेवले नाहीत.

चौथ्या दिवशी पहाटे आम्ही उतरलो तर घाटावर गल्लीतली दहा-बारा माणसं आधीच आलेली, आणि पुढे गुरुजी, काठीला फोन लावून. आजवर उदय पाहायला कधी कोणी आलं नव्हतं. काका पाहायचे, वर यायचे, जिन्यात एकदा म्हणायचे, आणि तो शब्द आपोआप घरोघर पोचायचा. त्या दिवशी तमाशा होता. कोणीतरी चहा आणला होता, मातीचे कुल्हड पिऊन झाल्यावर तिथेच पायरीवर फोडत होते. एक बाई काकांच्या चौथऱ्यामागे खाकरून थुंकल्या आणि मग हात जोडून उभ्या राहिल्या.

काका आपल्या नेहमीच्या चौथऱ्यावर बसले. त्यांच्यासमोर, चार पायऱ्या खाली, गुरुजींचा बांबू. चौथऱ्यावरून पाहिलं तर टोपली बरोबर पलीकडच्या काठावर, हातभर वर, जिथे चांदणी यायला हवी तिथेच. धुरात पलीकडचा काठच दिसत नसल्यानं मला हे आदल्या दिवशी कळलं नव्हतं. त्या दिवशी हवा स्वच्छ होती.

काका बराच वेळ पाहत राहिले. मग त्यांचा चेहरा उजळला. खरंच उजळला, मला दुसरा शब्द सापडत नाही. त्यांनी बोट वर केलं.

"पाहिली," ते म्हणाले.

मी दुर्बीण लावली. वेताची टोपली होती. वेत दिसत होता, त्याच्या फटींतून पांढरा दिवा दिसत होता, आणि टोपलीच्या बुडाशी बॅटरीची लाल वायर लोंबत होती. पलीकडे आकाश रिकामं होतं. चांदणी अजून वर आलीच नव्हती.

काका माझ्याकडे वळले. "पाहिलीस?"

हे विचारणंही नेहमीचं होतं. दर वेळी ते आधी म्हणायचे, मग मला विचारायचे, आणि मी म्हटलं की मगच उठायचे. मी त्यांच्याकडे पाहिलं. समोर फोन होता. मागे दहा-बारा माणसं होती, जिन्यात कुजबुजणारी. मला वाटलं, म्हातारा किती दिवसांनी हसतोय. मला वाटलं, हे लोक जाऊ देत, वर गेल्यावर सांगू. मला वाटलं, उदय तर होऊनच गेलाय, दहा-पंधरा मिनिटांत चांदणी येईलच, म्हणजे तसं खोटं काय आहे त्यात? माणूस खोटं बोलण्याआधी किती पटापट हिशेब करतो, याची मला त्या दिवशी ओळख झाली.

"पाहिली," मी म्हणाले.

एकानं शंख वाजवला. लोकांनी टोपलीकडे पाहून हात जोडले. गुरुजी पुढे आले.

"काकाजी, बस एक बार और बोला ना. शंखाच्या आवाजात गेलं ते. इकडे कॅमेऱ्यात बघून, हाथ असा वर."

ज्या माणसानं एक शब्द एकोणीस महिन्यांतून एकदा उच्चारला, तो तीनदा म्हणाला. एकदा कॅमेऱ्यात बघून, एकदा हात वर करून, एकदा जरा मोठ्यानं. काकांना ते आवडलं, हे मला सर्वांत जास्त लागलं. इतक्या वर्षांत कोणी त्यांना परत म्हणा असं म्हटलं नव्हतं. मग गुरुजी मला म्हणाले, "ताई, तुम्हीपण बोला. दूरबीन लावून. सायन्स पण पाहिजे ना थोडा." मी दुर्बीण लावली, लाल वायर पाहिली आणि दुसऱ्यांदा म्हणाले, "पाहिली."

मग दुर्बीण खाली घेतली आणि ओढणीखाली लपवली.

गुरुजींनी काठी मिटली. चार पायऱ्या उतरून ते आपल्या बांबूपाशी गेले आणि दोरी सोडू लागले. दिवा रोज सकाळी खाली काढून चार्जिंगला लावावा लागत असे. त्यांना कळलं होतं की नाही, हे मला आजतागायत कळलेलं नाही. कळलं असेल तर तो माणूस नीच आहे. कळलं नसेल तर मूर्ख आहे. पण मला दोन्ही बोलायचा अधिकार त्या सकाळीच गेला.

काकांची चांदणी खाली येऊ लागली. आधी एक झटका, मग एक झटका, दोरी सुटेल तशी. जमलेल्यांपैकी एकाला आधी कळलं आणि तो फिस्सकन हसला. मग सगळ्यांना कळलं. हसू आवरायला काही जणांनी तोंडावर हात धरले, काहींनी तेही केलं नाही. ज्यांनी मघाशी हात जोडले होते तेच हसत होते. काका अजून बघत होते. पन्नास-साठ वर्षं आकाश पाहिलेला माणूस, चांदणी पूर्वेला खाली जाताना बघत होता आणि त्यांच्या ओठांवर काहीतरी मोजणं चाललं होतं. मग दिवा पायरीशी आला, गुरुजींनी बटण दाबलं, आणि तो विझला.

लोक पांगले. मी काकांच्या पाठीवर हात ठेवला. म्हटलं, "काका, होतं असं. दिवा अगदी तिथेच होता. कोणीही फसलं असतं."

त्यांनी माझा हात काढला नाही. समोरच बघत म्हणाले, "मला तर दिसत नाही गं. तुझ्याकडे दूरबीन होती."

मी चौथऱ्यावर त्यांच्या शेजारी बसले.

"तू म्हणाली असतीस, काका, तो दिवा आहे," ते म्हणाले, "तर मी म्हटलं असतं, अरे हो, दिवा. आणि बसलो असतो अजून थोडा वेळ."

खरोखर एवढंच झालं असतं. म्हातारा एकदा चुकला असता, हसून पुन्हा बघत बसला असता. लोकही हसले असते, पण त्यांच्याबरोबर. मी त्यांना चुकीपासून वाचवलं आणि खोटं ठरवलं. त्यांच्यावर दया केली म्हणजे काय केलं, तर त्यांच्या शब्दाला विचारण्यालायक मानलंच नाही. घाटावरच्या चिखलाची मला किळस येते म्हणून मी सुरुवात केली, पण चिखल पायाला लागतो आणि नळाखाली जातो.

दहा-बारा मिनिटांनी, आम्ही उठत असताना, पलीकडच्या वाळूवर ती आली. पिवळसर, बारीक, अजिबात न हलणारी. मी सवयीनं दुर्बीण लावली. उदयाच्या दिवसांत शुक्र दुर्बिणीतून ठिपका दिसत नाही, कापलेल्या नखासारखी कोर दिसते. ती कोर होती. इतकी सुंदर की मला तिचाही राग आला. मी तोंड उघडलं, आणि काका म्हणाले, "चल. पाय गारठले."

गुरुजींचं चित्रण शहरभर फिरलं. आधी नुसतं काकांचं 'पाहिली', नंतर कोणीतरी त्याला खाली येणारा दिवा जोडला आणि वर नाचाचं गाणं घातलं. बँकेत माझ्याच शेजारच्या खिडकीवरच्या माणसानं मला ते दाखवलं, त्याला ठाऊक नव्हतं की हे माझेच काका. मग दुर्बीण लावलेली बाई आली आणि त्यानं फोन हळूच फिरवून घेतला. गल्लीतल्या घरांनी तुळशीनंतरच्या तारखा पंचांगावरून धरल्या. दोन लग्नं झाली. आम्हाला दोन्हींची बोलावणी होती. दोन्हीकडे काकांना पहिल्या पंगतीत बसवलं, आग्रह करून जिलब्या वाढल्या, आणि कोणी त्यांना काही विचारलं नाही.

महिन्याभरात काकांनी आपणहून दोन्ही डोळ्यांची ऑपरेशनं करून घेतली. आता ते पंच्याऐंशीचे आहेत आणि पंचांगातली मुंगीएवढी अक्षरं चष्म्याशिवाय वाचतात. गच्चीवरून पलीकडच्या काठावरचा माणूस त्यांना दिसतो, बाई की पुरुष तेही सांगतात. घाटावर मात्र पहाटे उतरत नाहीत. मी आग्रह केला नाही, कारण कोणत्या तोंडानं करणार?

मी जाते. तोच चिखल, तेच फवारे, आता बांबूंवर बॅटरीचेच दिवे जास्त. हिरवेसुद्धा निघाले आहेत. मी ओढणी नाकाला लावून चौथऱ्यावर बसते आणि प्रत्येक उजेड दोनदा तपासते, हलतो का, लोंबतो का, कोणी खाली उतरवतं का. मागच्या उदयाला तशीच अर्धा तास बसले. चांदणी आली. दुर्बिणीतून कोर पाहिली, दुर्बीण काढून डोळ्यांनी पाहिली, आणि सूर्य वर येईपर्यंत पाहत राहिले.

जिना चढून घरात आले तर काका खिडकीपाशी बसले होते. खिडकी पश्चिमेची. बोलू की नको, असं करत मी चपला काढल्या, पाय धुतले. मग म्हणाले, "काका, पाहिली."

ते माझ्याकडे वळले. त्यांचे डोळे अगदी स्वच्छ होते. क्षणभर वाटलं, आता विचारतील, नीट पाहिलीस का. त्यांनी हात लांब करून खिळ्यावरचं पंचांग काढलं, पान उघडलं, ओळीवर बोट ठेवलं आणि बोट सरकवत तारखेपर्यंत नेलं.

"हो," ते म्हणाले. "आजचाच दिलाय."